चिनी पोरीचे कापडी जोडे

सर, तुम्ही जाऊन आता आठ वर्षं झाले. माह्या निबंधात कुठं "मले" आलं की तुम्ही लाल शाईनं गोल करत अन् समासात "मला" लिहत. आता तपासणारं कोणी नाही, म्हणून जसं बोलतो तसंच लिहून राह्यली. पुढच्या महिन्यात मी यवतमाळ सोडतो. मुंबईले एका छापखान्यात मुद्रितं तपासाची नोकरी लागली. म्हणजे आता लाल शाई माह्या हातात. खोलीवर पुस्तकं बांधत होती, अन् दोरीची गाठ मारता मारता तुमचा तो चिनी सिनेमा आठवला. मंग सामान तसंच पडून राह्यलं.

घाटंजीच्या जिनात, म्हणजे सरकी काढाच्या कारखान्यात, कापसाचा हंगाम सरल्यावर, रिकाम्या गोदामात, बाजाराच्या दिवशी भर दुपारी. तेव्हा चीन आपला भाऊ होता, अन् कोण्या मैत्री मंडळानं तो सिनेमा गावोगाव फिरवाले पाठवला होता. दारं-खिडक्याइले पोते लटकवले, तरी टिनाच्या छपराले खिळ्याचे भोकं होतेच. त्यातून उजेडाचे ठिपके पडद्यावर पडत अन् शांघायच्या माड्याइवर दिवसाढवळ्या चांदण्या दिसत. बोलणं चिनी, खालती इंग्रजी अक्षरं. जिनात बसलेल्या लोकाइत इंग्रजी येणारे तुम्ही एकटे, म्हणून पडद्याच्या बाजूले स्टुलावर तुम्ही उभे, हातात पत्र्याचा भोंगा. पण एकटे नव्हते सर. मी मॅट्रिकले होती, अन् मले इंग्रजी तुम्हीच शिकवलं होतं.

माह्यं काय करायचं ते त्याच महिन्यात ठरणार होतं. तुम्ही दोनदा घरी येऊन बाबाले सांगून गेलते की पोरीले यवतमाळच्या कॉलेजात टाका. तिकडं पांढरकवड्याचं एक स्थळ आलं होतं, त्याइलेही जवाब पाह्यजे होता. बाबा दोघाइलेही "पाहू" म्हणत. सिनेमाले त्याइले तुम्हीच बोलावलं. शहरात पोरी कशा राह्यतात ते एकदा डोळ्यानं पहा, म्हटलं. आले बाबा, वखराची पास धार लावाले लोहाराकडं टाकून, अन् कापूस तोलाच्या काट्याच्या फळीवर मांडी घालून बसले. मी बायांच्या बाजूनं.

सिनेमातली पोरगी गावाहून शहरात आलेली. हापिसात टाइप करते, ट्रामीत उभी राह्यते, जिन्यावरच्या एका खोलीत एकटी राह्यते, खाली साऱ्या बिऱ्हाडाइले मिळून एक नळ. अन् मंधातच सरकारी कात्री लागलेली. एक माणूस छत्री घेऊन जिना चढून राह्यला, अन् दुसऱ्याच घडीले पोरगी खाटेवर बसली, डोळे सुजलेले, छत्री कोपऱ्यात, माणूस गायब. लोक बोंबलले, मंधात काय झालं वो मास्तर? तुम्ही भोंग्यातून शांतपणे सांगतलं, "तिच्या घरची वीज गेली होती." मांगून एक हमाल बोलला, "वीज गेलती, तं मास्तराले कसं दिसलं?" सारा जीन हासला. बाबाही हासले. मी बाबाकडंच पाहून राह्यली होती, म्हणून सांगतो.

मंग शेवट. पोरगी बापाले चिठ्ठी लिहते. गावाहून येताना तिच्या पायात मायनं शिवलेले कापडी जोडे होते. ते ती झटकते, कागदात गुंडाळते, चिठ्ठीसंगं बांधते अन् पोस्टात देते. खालती अक्षरं आले. मी वाचले. माझी वाट पाहू नका, मी परत येणार नाही. तुम्ही थांबले. चष्मा काढला, धोतराच्या सोग्यानं पुसला, परत लावला. अन् भोंग्यातून म्हटलं, "बाबा, दिवाळीले येते. वाट पहा."

चिनी पोरगी अन् दिवाळी, पण कोणी हासलं नाही. बायांनी पदर डोळ्याले लावले. मी तुमच्याकडं पाह्यलं, तुम्ही माह्याकडं पाह्यलं नाही.

घरी जाताना बंडी बाबा हाकत होते. नाला उतरून बैल चढावाले लागले तेव्हा एवढंच म्हणे, "मास्तराकडून तो फारम आन." मी मनात म्हटलं, चाललं सराइचं खोटं. कॉलेजले निघाली तेव्हा बाबानं बाजारातून नव्या चपला आणून देल्या, अन् जुन्याले मी पिशवीत टाकून राह्यली तं म्हणे, त्या इथंच राहू दे. मी समजली, काटकसर.

चीनसंगं लढाई झाली तेव्हा तुम्ही नव्हते ते बरंच झालं. जिनात डोळे पुसणारेच लोक मंग म्हणत, मास्तरानं गावाले चिन्याचा सिनेमा दाखवला.

अवंदा पोळ्याले घरी गेलती, मुंबईचं सांगाले. बाबा अंगणात बैलाच्या शिंगाले रंग लावत होते, मी वाटी धरून उभी. मान वर न करता म्हणे, "एक इचारू का बाई? थ्या सिनेमातली पोरगी वापस नाई आली न?"

मी वाटी खाली ठेवली. "तुमाले कोनं सांगतलं?" म्हटलं.

"सांगाले कायले पाह्यजे? येनारी असती तं मायनं शिवलेले जोडे कायले वापस धाडले असते? गावच्या वाटेनं काय घालून आली असती?"

"मंग मले काहून पाठवलं?"

बाबानं एक शिंग पुरं केलं, बैलाची मान वळवली, दुसरं घेतलं. "मास्तर खोटं बोलला तवा त्याचा भोंगा कापत होता. दुसऱ्याच्या पोरीसाठी जो मानूस एवढ्या लोकाइत खोटं बोलते, त्याले नाई कसं म्हनाव?" अन् मंग थोडं हासून, "तुह्या जुन्या चपला तं म्या ठेवूनच घेतल्या."

त्या अजून आहेत सर. माजघरात, कणगीमांगं. दर पोळ्याले बैलाच्या गळ्यातल्या चामडी सापत्याइले तेल लावतात तेव्हा त्याइलेही लावतात, माय सांगत होती.

मुंबईचं मी बोललीच नाही. दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीनं परत आली. आठ दिवस झाले, टेबलावर बाबाचा पत्ता घातलेलं एक आंतरदेशीय पडलं आहे, आत कोरं. बाबाले वाचता येत नाही. गावातल्या शाळेचे नवे गुरुजी वाचून दाखवतील. गुरुजी म्हणजे पोरगाच, पण नेमका आहे, जे लिहलं असन तेच वाचन. वाचून दाखवाले तुम्ही असते तं मी खरं लिहून टाकलं असतं.