शिट्टी लवकर वाजली

ओउलू, १२ फेब्रुवारी

प्रिय इर्मेली,

गुडघा बरा आहे. तू दिलेला काळा पाव अजून पुरतोय.

चकती पंचाला दिसेनाशी झाली की त्याने शिट्टी मारून खेळ थांबवायचा, हा आमचा नियम तुला पाठच आहे. कालच्या आइस हॉकीच्या सामन्यात मी ती मारली आणि तेवढ्यात यजमानांचा गोल झाला. शिट्टीनंतरचा, म्हणून तो बाद. चकती बर्फावर मोकळीच होती, अख्ख्या स्टेडियमला दिसत होती. यजमान त्या एका गोलने हरले.

त्यांच्या प्रशिक्षकाला गाठून म्हटलं, "चूक माझीच."

"बाबा रे, वीस वर्षं तुला शिव्या घालतोय. आज तेवढंही सुख ठेवलं नाहीस!"

दमलोय गं.

आपल्या बाबांची नजर अधू व्हायला लागली तेव्हा ते किती वर्षांचे होते, आईला सहज विचार. मी विचारलंय असं सांगू नकोस.

तुझाच,
तौनो