दाराशी आलेले तात्या

इलेक्ट्रॉनिक सिटी, बेंगळुरू
ऑगस्ट १९९८

तीर्थरूप अण्णा,

स्टेजवर मी तुमची नक्कल केली आणि तुम्ही अर्ध्यातून उठून गेलात, तेव्हापासून आपण बोललेलो नाही. आता स्टेज सोडून मी इंटरनेटवर विनोदी गोष्ट लिहितो. दर सोमवारी एक भाग येतो, आणि पुढे काय व्हावं ते वाचक ईमेलने कळवतात.

गोष्टीतले तात्या अबोला मोडायला मुलाच्या दाराशी येतात. बहुतेक वाचकांना ते तिथेच केळीच्या सालीवरून घसरायला हवे होते. एकाने मात्र लिहिलं, 'तात्या बेल वाजवणार नाहीत. आधी चपला रस्त्याकडे तोंड करून काढतील, म्हणजे कुणी जा म्हणायच्या आत निघता येईल.'

अशा चपला काढणारा माणूस मी एकच पाहिलाय, आणि ते मी नकलेतही कधी दाखवलं नव्हतं.

घरी फोन करून थोरल्या बहिणीला, कावेरीअक्काला, आडून विचारलं. "अण्णा आणि कंप्युटर? तुला स्वल्प झोपेची गरज आहे," म्हणाली. पण हल्ली दर सोमवारी तुम्ही येलहंक्याच्या सायबर कॅफेकडेच फिरायला जाता, हेही तीच बोलून गेली.

हे पत्र मी टाकणार नाही. तो वाचक तुम्ही नसाल तर माझं हसं होईल, आणि असाल तर तुम्ही लिहिणं बंद कराल.

या सोमवारच्या भागात मुलाने दार उघडलंय, आणि तात्यांच्या चपला उचलून आत ठेवल्यात. पुढे काय, ते वाचकांनी कळवायचंय.

वाट पाहणारा,
रघुनंदन