बसमधलं हसू

गुरुवार, संध्याकाळ

चार नट, एक अंगण, पाच दिवसांत माझा विनोदी चित्रपट. थिएटरात न लागता थेट अ‍ॅपवाल्यांनी घेतला, नफाही झाला. फक्त कुणाचं हसू ऐकू आलं नव्हतं. आज आर्वीहून परतताना बसमध्ये शेजारच्या काकू मोबाइलवर तोच पाहत होत्या. सासरा रुसतो तिथं हसल्या, चांगल्या मोठ्यानं. आणखी एकदा हसतील म्हणून मी वाट पाहत राहिलो, तर मोबाइल बंद.

"शेवट नाई पाहत, काकू?"

"तेच चार जण फिरून राह्यले. समजलं पुढचं."

"पण हसल्या तर तुम्ही."

"थो सासरा माह्या भावासारखाच रुसते. तुम्ही काऊन इचारून राह्यले?"

"असंच."

त्या पिपरीला उतरल्या. चित्रपट माझाच आहे, हे का नाही सांगितलं? सांगितलं असतं तर शेवटपर्यंत भिडेखातर हसल्या असत्या. तसं हसणारे घरी आहेतच. मला आजच्यासारखं हवंय, भरल्या थिएटरात, एकदा तरी.