कासव दाखवण्याची जबाबदारी

२ एप्रिल २०१६, झिंडेलफिंगेन

फिंग्स्टफेरियनचं, म्हणजे मे महिन्यातल्या शाळेच्या सुट्टीचं, ठरलं. म्हणजे मी ठरवलं. ग्रीस. झाकिन्थोस नावाचं बेट. सकाळी नऊ ते एक बोटीची सहल. किनाऱ्यावरच्या गुहा, पांढरे कडे आणि समुद्री कासवं.

सुट्टीनंतर इराचं शाळेत रेफेराट आहे. वर्गापुढे उभं राहून दहा मिनिटं एका विषयावर बोलायचं. तिने समुद्री कासव घेतलंय. बाईंना आधीच सांगून टाकलंय म्हणे, की माझा बाबा मला खरं कासव दाखवणार आहे. नऊ वर्षांची आहे, पण माणसं बरोबर ओळखते.

हे सांगताना माझ्या बायकोने, ऊर्मिलाने, शेपूट जोडलंच. मागच्या सुट्टीत बाल्टिकला मी सहा दिवस हॉटेलच्या खोलीत लॅपटॉपसमोर बसलो, त्याच्या आधीच्या सुट्टीत गेलोच नाही, तेव्हा या वेळी तरी पोरीला दिलेला शब्द पाळ. जणू काही आमच्या कंपनीच्या गाड्या झाडाला लागतात.

संकल्प: लॅपटॉप न्यायचा नाही. वजन सहा किलो कमी करायचं. पोहायला शिकायचं.

४ एप्रिल

एक्सेल तयार. चार शीट. त्यातलं एक फक्त कासवासाठी. पाण्याचं तापमान, सूर्याचा कोन, कासव श्वास घ्यायला किती मिनिटांनी वर येतं, सगळं.

ऑफिसातला राजस गेल्या वर्षी तिथे जाऊन आलाय. म्हणाला, साहेब, कशाला एवढं, सकाळी धक्क्यावर जायचं, जी बोट दिसेल तीत बसायचं. याला तीन वर्षं मी शिकवतोय. अशाच माणसांमुळे प्रोजेक्ट लटकतात.

९ एप्रिल

हालेनबाड, म्हणजे छताखालचा तरणतलाव. प्रौढांसाठी पोहण्याचा वर्ग. शिकवणारी बाई सत्तरीची, आवाज हवालदाराचा. मला फोमची निळी नळी धरून पाय मारायला लावलं. शेजारच्या पट्ट्यात सहा-सहा वर्षांची कार्टी बेडकासारखी सुळसुळत होती. त्यांना काय, वजन नाही, विचार नाही.

इरा काठावर बसून बघत होती. तिला ब्राँझचा बिल्ला मिळालाय, तळाची रिंग काढून आणते. मी तिला थांबून पाय मारण्याचं तंत्र समजावून सांगितलं. ती जर्मनमध्ये या, या, म्हणजे हो, हो, म्हणत राहिली. बऱ्याच गोष्टी तिला नव्याने कळल्या असणार.

२४ एप्रिल

पोहण्याचा वर्ग बंद केला. दोन तास गेलो, तंत्र समजलं. आता उरला सराव, तो समुद्रातच करायचा. खाऱ्या पाण्यात माणूस आपोआप तरंगतो. हे फिजिक्स आहे, बाईला ठाऊक नसावं.

वजन एक किलोने वाढलं. काटा सपाट फरशीवर ठेवायला हवा.

१ मे, दुपारी

अण्णा आले. ऊर्मिलाचे वडील. तीन महिन्यांच्या व्हिसावर. तेही आपल्याबरोबर ग्रीसला येणार, हे मला विमानतळावरून परत येताना गाडीत सांगण्यात आलं.

अण्णांनी तीस वर्षं दाभोळच्या पोस्टात काढली. त्यामुळे समुद्र म्हणजे यांच्या घरचा. बॅगेत काय, तर सुंठवडा आणि आवळा सुपारी. म्हणाले, प्रतापराव, बोट लागते हो माणसाला, निघण्याआधी पोट हलकं ठेवावं, सुंठ जिभेवर धरावी आणि नजर लांब ठेवावी. मी नम्रपणे सांगितलं की मला बोट लागण्याचा प्रश्नच नाही. कंपन हाच माझा विभाग आहे. गाडीची सीट किती हर्ट्झला हलली की माणसाच्या पोटात ढवळतं, याचे आलेख मी सतरा वर्षं काढतोय. अण्णा बरं बरं म्हणाले. त्यांना आलेख म्हणजे काय ते कळलं नसावं.

रात्रीच्या जेवणात त्यांनी वेळासच्या किनाऱ्यावर कासवांची पिल्लं समुद्रात सोडतात त्याची गोष्ट लावली. इरा तोंड उघडं टाकून ऐकत होती, प्रश्न जर्मनमध्ये विचारत होती, अण्णा मराठीत उत्तरं देत होते, आणि दोघांचं छान चाललं होतं. मी मध्ये कासवाच्या श्वासाचा ग्राफ दाखवला. इराने वळूनही पाहिलं नाही. दमली होती.

७ मे

नवीन घड्याळ घेतलं. रेडिओवर चालणारं. फ्रँकफुर्टजवळच्या मनोऱ्यावरून संदेश येतो आणि घड्याळ रोज रात्री आपोआप स्वतःला जुळवून घेतं. लाखो वर्षांत एक सेकंद इकडेतिकडे. ग्रीसमध्ये अशाच गोष्टीची गरज पडणार. तिथल्या लोकांचं आणि वेळेचं भांडण आहे असं ऐकून आहे.

ऊर्मिला म्हणाली, मोबाइलमध्ये दिसते की वेळ. तिच्याशी अचूकतेबद्दल बोलण्यात अर्थ नाही.

घड्याळाबरोबर चाळीस पानी पुस्तिका आली. ज्यांना इंजिनिअरिंग येत नाही त्यांनी वाचावी.

२१ मे, रात्री ८, झाकिन्थोस

पोचलो. विमानात सगळे जर्मन. उतरल्यावर सँडलमध्ये मोजे. ग्रीसची वेळ एक तास पुढे, हे मी विमान थांबायच्या आत घड्याळ हाताने पुढे करून टाकलं. बाकीचे अजून आपापल्या बॅगा ओढत होते. ऊर्मिलाला म्हटलं, बघ, याला तयारी म्हणतात.

उद्या सकाळी नऊला बोट. सूचना सर्वांना दिली आहे: पावणेनऊला धक्क्यावर. एकही मिनिट उशीर चालणार नाही.

इरा झोपण्याआधी माझ्या खोलीत येऊन गेली. उद्या तू नक्की येणार ना, असं तिने विचारलं. जर्मनमध्ये. मी म्हटलं, गेनाऊ, अगदी नक्की. सर्वांत आधी मीच असणार.

२२ मे, दुपारी ३

आज जे घडलं ते नीट नोंदवायला हवं, कारण पुढे लोक याचा विपर्यास करणार.

सकाळी ऊर्मिलाने हाक मारली. घड्याळात साडेसहा. तिला म्हटलं, एवढ्या लवकर कशाला. ती म्हणाली, साडेसात वाजले, मोबाइल बघ. मी शांतपणे समजावलं की मोबाइलचा रोमिंगचा घोळ असणार, शेजारच्या कुठल्यातरी देशाचा टॉवर पकडत असेल. माझं घड्याळ चुकत नाही. ती परत आली, परत तेच. मग जरा आवाज चढवावा लागला. तुम्ही पुढे जाऊन नाश्ता करा, मी पावणेनऊला धक्क्यावर येतो, असं सांगितलं. ती अण्णा आणि इराला घेऊन गेली.

मग मी दाढी केली. शर्टाला इस्त्री केली. कासवाचं शीट एकदा डोळ्यांखालून घातलं. बरोबर आठ वाजून चव्वेचाळीस मिनिटांनी धक्क्यावर. एक मिनिट आधी!

बोट नव्हती. तिकिटाच्या टपरीवरचा म्हातारा अंड्याची टरफलं काढत होता. त्याला म्हटलं, नऊची बोट एक तास आधी कशी सोडता? तो माझ्याकडे बघत राहिला आणि चर्चच्या घड्याळाकडे बोट दाखवलं. त्यात पावणेदहा. म्हटलं, तुमच्या चर्चचं घड्याळ तुम्हालाच लखलाभ. मग त्याने मोबाइल दाखवला. मग चहाच्या दुकानातलं भिंतीवरचं घड्याळ. मग एका डच बाईने आपणहून मनगट पुढे केलं. सगळ्यांत पावणेदहा.

टपरीवाल्याने सांगितलं, बोट वीस मिनिटं थांबली होती. एक मॅडम सारख्या रस्त्याकडे बघत होत्या. शेवटी बाकीचे प्रवासी कुरकुरायला लागले.

नंतर बसून विचार केल्यावर कारण लक्षात आलं. रात्री फ्रँकफुर्टहून संदेश आला आणि घड्याळाने स्वतःला पुन्हा जर्मनीच्या वेळेवर नेलं. इतक्या दूरवरून! म्हणजे घड्याळाची काहीच चूक नाही. घड्याळ बरोबर होतं, देश चुकीचा होता.

दीडच्या सुमारास बोट परतली. तीन कासवं दिसली म्हणे. एक अगदी बोटीजवळ वर आलं, फुस्स करून श्वास घेतला. अण्णांनी आधी पाहिलं. अण्णांनीच. ऊर्मिला उतरून माझ्यापुढून सरळ हॉटेलकडे निघाली, मीही तिला रागवायची संधी दिली नाही. इरा पुढे आली आणि विचारलं, तुला पण बघायचंय का? म्हणजे मीच दाखवायला हवं, असंच तिला वाटतंय. आजचं म्हणजे नुसती रंगीत तालीम.

परवा दुपारी छोटी बोट ठरवली. फक्त ती आणि मी.

२३ मे

वजन पाहिलं नाही. ग्रीसमध्ये काटे बरोबर असतील याची खात्री नाही. पाण्यात गुडघ्यापर्यंत उतरलो. थंड. फिजिक्स लागू व्हायला तापमानही लागतं.

२४ मे, संध्याकाळी ७

दुपारी वारा सुटला होता. अण्णांनी पुन्हा सुंठेची पुडी पुढे केली, उपाशी जा म्हणाले. मी त्यांच्यासमोर चीजचे तीन पफ आणि थंडगार कॉफी घेतली. माणसाने आपल्या शास्त्रावर विश्वास ठेवायचा असतो.

बोट लहान, आठ माणसांची. कप्तानाचा शर्ट उघडा, गळ्यात साखळी, एका हातात सुकाणू आणि दुसऱ्यात सिगारेट. याच्या हाती आपण जीव देतो! पहिल्या दहा मिनिटांत मी इराला लाटांची वारंवारता मोजून दाखवली. पुढे एक गुहा आली, पाणी निळंशार. तिथे बोट थांबली आणि जागच्या जागी हलायला लागली. ही वारंवारता आमच्या आलेखांमध्ये नाही. आमच्या गाड्या चालतात, त्या अशा एका जागी लचकत नाहीत.

पिशवी कोणी आणून दिली ते आठवत नाही. इरा माझ्या शेजारी उभी होती. एका हाताने तिने माझी कॉलर धरली होती, पाण्यात पडू नये म्हणून. दुसरा हात मी घट्ट धरून ठेवला होता, तिला भीती वाटू नये म्हणून.

मग कप्तान ओरडला. सगळे डावीकडे धावले, बोट कलली, अरे, ओह, आख गोट, सगळ्या भाषांत कौतुक सुरू झालं. नियमाप्रमाणे बोट कासवाजवळ दहा मिनिटं थांबते. आम्ही उजवीकडे होतो. माझं डोकं पिशवीत. इरा दोनदा म्हणाली, पापा, तिकडे आहे, बघ. माझ्याने मान वर होईना. ती तिकडे गेली नाही, कारण माझ्याजवळ राहणं तिला जास्त महत्त्वाचं वाटलं. हे लिहून ठेवण्यासारखं आहे.

रात्री ९

ऊर्मिला आत्ता म्हणाली, तिच्या मनगटावर तुझ्या बोटांचे वळ आहेत. ती सुटायला बघत होती, तू सोडत नव्हतास.

वारा फार होता.

२९ मे, झिंडेलफिंगेन

परतलो. राजसने विचारलं, कासव दिसलं का साहेब. मी म्हटलं, दोन वेळा बोटीवर जायचं ठरवलं होतं, आता तूच हिशोब कर. तो हसला. या मुलाचं पुढे काही होणार नाही.

इरा रेफेराटची तयारी अण्णांबरोबर करतेय. पुठ्ठ्यावर चित्रं काढतात. मी दोनदा दार उघडून मदत हवी का विचारलं. नको, दांके.

९ जून, संध्याकाळ

आज रेफेराट. आई-वडिलांना बोलावलं होतं. वेळेआधी पोचलो, ऊर्मिलाने आणलं. मुलांच्या छोट्या खुर्च्यांवर मी, ऊर्मिला आणि अण्णा बसलो. गुडघे हनुवटीला लागत होते.

इरा छान बोलली. कासव किती वर्षं जगतं, अंडी कुठे घालतं, वेळासला माणसं पिल्लं कशी सोडतात. चुकली नाही. मला वाटलं आता संपवेल.

मग ती म्हणाली की आम्ही दुसऱ्यांदा बोटीवर गेलो, तेव्हा समुद्र खवळला होता आणि सगळे चुकीच्या बाजूला बघत होते. फक्त माझ्या पापाने बरोबर पाहिलं. त्याने माझा हात धरला आणि मला कासव दाखवलं.

तिने हे माझ्याकडे न बघता सांगितलं. कुणीही अडखळलं असतं, ती अडखळली नाही. ऊर्मिला खिडकीतून बाहेर बघायला लागली. अण्णा स्वतःच्या बुटांकडे.

बाईंनी टाळ्या वाजवल्या आणि माझ्याकडे वळल्या. पहिल्या बाकावरच्या एका मुलाने विचारलं, किती मोठं होतं? सगळा वर्ग माझ्याकडे बघायला लागला. सतरा वर्षं मी मोठमोठ्या साहेबांपुढे आकडे सांगतोय, हा आकडा माझ्याकडे नव्हता. मग हात पुढे केले, दोन फूट अंतर ठेवलं. बाईंच्या पाठीमागे, फळ्याजवळ, इराने अगदी थोडीशी मान हलवली. नाही. मी हात आणखी लांब केले. परत नाही. आणखी. तेव्हा तिने मान डोलावली.

रंग कुठला होता, असं एकीने विचारलं. माझ्या आधी इरानेच उत्तर देऊन टाकलं.

घरी येताना तिने दप्तर मला दिलं आणि अण्णांचा हात धरून पुढे चालायला लागली. असं का सांगितलंस हे तिला विचारायचं होतं. विचारलं नाही. वर्गात कुणी हसू नये म्हणून, हे उत्तर मला ठाऊक आहे, आणि कुणाला हसू नये, तेही.

कासव मी अजून पाहिलेलं नाही. साधारण एक मीटर असतं.