दाढीमागचे ओठ

४ मार्च १९५८
उजवा कान दिवाळीतच गेला. आता डावाही. चिकपेटेतल्या डॉक्टरांनी हात टेकले. सौ. सोडून कुणाला पत्ता नाही. समोरच्याचे ओठ बघतो, वाक्य संपलं की माझं उचलतो. नाटक कन्नड, रोजनिशी मराठी. कंपनीत कुणाला मराठी वाचता येत नाही म्हणून हे धाडस. अठरा वर्षं द्वारपाल, प्रधान, निरोप्या. नाव कुणाला ठाऊक नाही, पण पोट चाललंय. मालकांना कळलं तर दुसऱ्या दिवशी घरी.

७ मार्च
तंबू यशवंतपूरला. ऋषी करणारे शामण्णा गुडघे धरले म्हणून गावी गेले, त्यांच्या जागी कृष्णप्पा नावाचा नवा. तो तीन प्रश्न विचारतो, तीन उत्तरं माझी. तालमीत ओठ स्वच्छ दिसले. उगाच घाबरलो होतो.

९ मार्च
मेलो. रंगीत तालीम. कृष्णप्पाने लोकरीची दाढी लावली, मिशा थेट खालच्या ओठावर. काही म्हणजे काही दिसेना. पहिल्या प्रश्नात मध्येच तोंड घातलं, दुसऱ्याला गप्पच. मालक उठून पुढ्यात आले, "काय राव, लक्ष कुठंय?" पाठ झालं नाही म्हणालो. स्वल्प वेळ द्या. धडधडीत खोटं. सगळ्यांची वाक्यं पाठ आहेत मला.

१० मार्च
कृष्णप्पाला म्हटलं, मिशा जरा कातर की.
"का? ऋषी कधी न्हाव्याकडे जातो?" हसला. मग बघतच राहिला माझ्याकडे. बोलायला नको होतं.
सौ. म्हणते, "सांगून टाका एकदाचं. कशाला जीव जाळता?" झाकली मूठ सव्वा लाखाची, म्हटलं. रडली. पाठ फिरवून रडली म्हणून मला उशिरा कळलं.

१२ मार्च
पहिला प्रयोग. आमचा प्रवेश. ऋषीने काठी आपटली. अनवाणी होतो, फळीतून तळव्यांना कळलं. उत्तर दिलं. पुन्हा काठी. पुन्हा. तिन्ही उत्तरं जागेवर.
तालमीत काठी आपटत नव्हता तो. म्हणजे कळलंय. पाया पडावंसं वाटलं, आणि तितकीच भीती. त्याला कळलं तर आणखी किती जणांना कळलं असेल?

१३ मार्च
प्रयोग नीट झाला. आजही काठी. मध्यंतरात मालक आणि कृष्णप्पा बोलत होते, दोघांनी एकदम माझ्याकडे पाहिलं. पडदा पडल्यावर कृष्णप्पा जवळ आला, खांद्यावर हात ठेवून बराच वेळ काहीतरी विचारत होता. दाढी काढलेली नव्हती. कळलंय तर दाढीतून कशाला बोलेल? की कळलेलंच नाही, काठी सहज आपटतो? "पुन्हा सांग" म्हणायची छाती झाली नाही. मान डोलावली. "सरी, सरी" म्हणत होकार दिला. त्याने माझा हात घट्ट दाबला आणि तडक मालकांच्या खोलीत गेला.
मी नेमकं कशाला हो म्हणालो?