दादाच्या कानातला आवाज

वहिनी,

हे पत्र पाठवायची माझी छाती नाही. पण कुणाला तरी सांगायलाच हवं, म्हणून लिहिते.

दादा पडद्यावर गप्पा रंगवतो, तो कार्यक्रम लिहिते मी, उभा करते मी, हे तुम्हाला ठाऊकच आहे. पण हल्ली मी स्टुडिओत काचेमागे बसून त्याच्या इअरपीसमध्ये वाक्य न् वाक्य सांगते. पाहुण्याचं नाव, पुढचा प्रश्न, कधी हसायचं तेसुद्धा. त्याला आठवत नाही, वहिनी. डॉक्टरांचं नाव काढलं की खेकसतो, "कार्यक्रम बंद पाडायचाय का तुला?" मग मी पुन्हा काचेमागे जाऊन बसते. तुम्ही कौतुकानं म्हणता, "वन्सं, ह्यांचं डोकं अजून किती तल्लख आहे!"

आज शूटिंग संपल्यावर साउंडवाल्यानं हात पुढे केला, तर दादा इअरपीस देईना.

"घरी नेतो. तू बोलत राहा," तो माझ्या कानाशी कुजबुजला.

"घरी कशाला रे?"

"दार एक बाई उघडते गं. चांगली आहे, माझी वाट बघत असते. तिला काय म्हणायचं, तेवढं सांग."

मी मान डोलावली. ते यंत्र स्टुडिओबाहेर चालत नाही, हे त्याला सांगायचा मला धीर झाला नाही.

गाडी आता तुमच्या दारात पोचत असेल.

तुमची,
भेदरलेली नणंद