साहेबांची खुर्ची आमच्याकडे आहे

ती. आत्या,

साष्टांग नमस्कार. तुझे गुडघे, तुझा दमा आणि तुझं मांजर, तिघंही ठीक असतील असं धरून चालतो. पत्र लिहीन लिहीन म्हणता राहून गेलं, याचं कारण घरात बसायला जागा नाही. (खुर्च्या मात्र इतक्या आहेत की मोरीकडे जाताना ओलांडाव्या लागतात. हे पत्र मी फ्रिजवर कागद ठेवून उभ्याने लिहितोय. अक्षर थरथरलं तर फ्रिज चालू झाला असं समज.)

काकांनी त्या सरकारी कचेरीला कुंपणाची भिंत बांधून दिली, ते तुला माहीत आहेच. भिंत झाली, तिच्यावर पोस्टरं लागली, फाटली, शेवाळ आलं, पण काकांचं बिल काही निघेना. काका रोज जायचे, साहेब ‘उद्या या’ म्हणायचे, काका ‘बरं साहेब’ म्हणून परत यायचे. मधे कचेरीचं पत्र आलं, की जागेवर भिंत आढळून येत नाही. (हे पत्र आणणारा शिपाई रोज त्याच भिंतीला सायकल टेकवतो. सायकल झकास आहे, मी एकदा चार दिवस नेली होती, पण ते असो.) मजुरांचे पैसे भागवायला काकांनी सिमेंट कालवायचा मिक्सर गहाण टाकला. तो मिक्सर म्हणजे काकांचा थोरला मुलगा. माझा नंबर फावड्यानंतर लागतो. महिनाअखेर पैसे भरले नाहीत तर सावकार तो विकणार, म्हणून काका शेवटी कोर्टात गेले.

कोर्टाला फोटोत भिंत लगेच दिसली. पैसे द्या म्हणून हुकूम झाला. साहेबांनी कोर्टालाही उद्या यायला सांगितलं असावं, कारण मग जप्तीचा हुकूम निघाला: पैसे नाहीत तर कचेरीच्या खुर्च्या उचला. बेलीफ, काका आणि टेम्पो घेऊन मी, असे आम्ही गेलो. बेलीफ फार सभ्य माणूस. साहेबांना म्हणाला, “जरा उठता का? तुम्हाला नाही, खुर्चीला न्यायचंय.” साहेब म्हणाले, “मी उठलो तर कचेरी बंद पडेल.” काका लगेच म्हणाले, “साहेबांना त्रास नको, आपण उद्या येऊ.” मी काकांना टेम्पोत नेऊन बसवलं. पण साहेबांना सकाळपासून चहा जास्त झाला होता. ते जरा आत जाऊन आले, तोवर खुर्ची टेम्पोत, पाठीच्या उशीसकट.

लिलाव होईपर्यंत सामान आमच्याकडे. कोर्टाची वस्तू म्हणून काका त्यावर कुणाला बसू देत नाहीत. साहेबांच्या खुर्चीपुढून जाताना तर चपला काढतात. काकू म्हणते, लिलावाच्या आधी महिनाअखेर आली तर या खुर्च्यांत सिमेंट कालवा.

तुझा लाडका (असावा) भाचा

ता. क. पत्राचं मूळ काम राहिलंच. तुझा टेम्पो चोरीला गेलेला नाही, वर उल्लेख आलाय तोच तो. पोलिसांतली तक्रार मागे घे. चोर उंच आणि देखणा होता असं कुणी सांगितलं असेल तर त्याला माझा नमस्कार कळव.

आणखी ता. क. दाराशी आत्ता खुद्द साहेब आलेत. काखेत फाइल, फाइलीत काकांचा चेक. स्टुलावर बसून बसून पाठ धरलीय, सही करतो पण आधी माझ्या खुर्चीत बसू द्या, म्हणतात. काकांनी खुर्ची पुसून दिली. साहेब बसले, उशीला टेकले, डोळे मिटले आणि सवयीने म्हणाले, “उद्या या.” काका “बरं साहेब” म्हणून चपला घालून स्वतःच्या घरातून बाहेर पडले. काकू चहा घेऊन येत होती, ती कपासकट वळली. म्हणाली, “चहा उद्या.”

साहेबांनी डोळे उघडले, लांब जाणाऱ्या कपाकडे पाहिलं आणि पेन काढलं. सही झाली, आत्या. मिक्सर सुटला. काका अजून गल्लीत उभे आहेत. आत बोलावलं तर म्हणतात, साहेबांनी उद्याचं सांगितलंय.